पूरनाना

जुन्या नाशकात गल्लीआड एक पूरनाना असतात. उन्हाळाभर त्यांच्याकडे कोणी ढुंकूनही पाहत नाही. पण गंगापूर धरणातून पाणी सोडल्याचा मेसेज आला, की त्यांचा हंगाम सुरू. अर्धी विजार, प्लास्टिकच्या पिशवीत बांधलेला मोबाइल आणि मुठीला सुतळी गुंडाळलेली छत्री, एवढ्या सरंजामानिशी नाना गंगेवर, म्हणजे गोदावरीवर, हजर.

जलसंपदा खातं क्युसेकमध्ये बोलतं, नाना मारुतीत. गोदाघाटावरचा दुतोंड्या मारुती ही नाशिककरांची मोजपट्टी. ‘दहा हजार क्युसेक’ ऐकून माणूस नुसती मान हलवतो. ‘कंबरेला लागलं’ म्हटलं, की भांडी बाजारातला दुकानदार खालच्या फळीवरचा माल माळ्यावर चढवू लागतो. दोन तोंडं असून मारुती बोलत नाही. ती कसर नाना भरून काढतात.

“धरणाचा आकडा काय सांगता? गावातल्या नाल्यांचं पाणी कोण मोजणार? होळकर पुलाखाली बघा!” हे त्यांचं पूरशास्त्र. प्रतवारीही ठरलेली. 1969चा पूर म्हणजे पूर. 2008चा बरा. 2016 आणि 2019चे ‘तुमच्या पिढीच्या मानानं ठीक’. एकोणसत्तर साली नाना पाळण्यात होते, हे काकूंकडून कळतं. पण नारोशंकराच्या देवळाच्या घंटेकडे बोट करून ते तेव्हाचं पाणी दाखवू लागले, की ऐकणारा नकळत पाय वर घेतो.

नाना व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपचे अ‍ॅडमिनही आहेत. गळ्यापर्यंत बुडालेल्या मारुतीचा फोटो आधी कोण टाकतो, यावरून पलीकडच्या काठावरच्या पंचवटीतल्या नानांशी त्यांची चुरस असते. कॉलेज रोडची पोरं रील काढायला आली की आधी झापतात, “मागं व्हा रे, शेवाळ आहे!” मग हळूच, “आडवा धर मोबाइल. मारुती कापला जातोय.”

मुलगा इंदिरानगरला सातव्या मजल्यावर राहायला बोलावतो. नानांच्या वाड्याला महापालिकेची ‘धोकादायक’ म्हणून नोटीसही लागली आहे. नानांचा सवाल एकच : “तिथून पूर दिसतो का?”

तेव्हा पावसाळ्यात रामकुंडावर गेलात, तर घाटावर गाडी लावण्याआधी मोबाइलवरचा अंदाज बघा आणि नानांनाही विचारा. ते ‘काढा’ म्हणाले, तर कारण विचारत बसू नका. कारण विचारत बसलेल्यांच्या गाड्या संध्याकाळी टीव्हीवर दिसतात.