उपाय आहेत, घाई नको

रायगड जिल्ह्यातल्या तळ्याच्या ज्या विद्यार्थ्यांचा एखादा पेपर पुनर्मूल्यांकनात अडकला आहे, त्यांनी खचू नये. कायदा तुमच्या बाजूने आहे. मुंबई-गोवा महामार्गाने तो निघालाही आहे. इंदापूर फाट्याला कधी पोचेल, हे २०११ पासून तो रस्ता रुंद करणाऱ्यांना विचारावे.

तोवर उपाय समजून घ्या.

उपाय पहिला : महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६. कलम ८९ म्हणते, परीक्षा संपल्यापासून ३० दिवसांत, फार तर ४५ दिवसांत निकाल लावा. नाही जमले, तर कारणांचा अहवाल कुलपती आणि शासनाला पाठवा. म्हणजे विद्यार्थ्याने पेपर कोरा सोडला तर शून्य. विद्यापीठाने वेळ चुकवली तर निबंधलेखन. वर कलम ९० धीर देते : वेळापत्रक पाळले नाही, एवढ्यावरून निकाल अवैध ठरत नाही.

उपाय दुसरा : माहिती अधिकार. आपली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये मान्य केला आहे. १० रुपये, ३० दिवस, मग प्रथम अपील, मग द्वितीय अपील. मध्येच एटीकेटीची परीक्षा येईल. शुल्क भरून बसा. नंतर कळेल, की तुम्ही मुळातच पास होता. अभिनंदन!

उपाय तिसरा : ग्राहक आयोग. इथे जाऊ नका. परीक्षा घेणे ही सेवा नव्हे आणि परीक्षार्थी ग्राहक नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने बिहारच्या परीक्षा मंडळाच्या खटल्यात २००९ मध्येच सांगितले. पैसे घेतले, पावती दिली, तरी गिऱ्हाईक नाही. असा धंदा तळ्याच्या बाजारात कोणाला जमलेला नाही.

उपाय चौथा : उच्च न्यायालयात रिट. न्यायालय फोर्टात, मुंबई विद्यापीठाच्या राजाबाई टॉवरच्या शेजारीच. मात्र नियमात तरतूद नसेल तर पुनर्मूल्यांकन हा हक्क नाही, हे १९८४ पासून ठरलेले आहे. तरतूद असेल, तर न्यायालय विद्यापीठाला तारीख देऊ शकते. तारखेचे काय होते, ते २०१७ मध्ये पाहिलेच. उत्तरपत्रिका संगणकावर तपासायला घेतल्या आणि निकाल रखडले. राज्यपालांनी ३१ जुलैची मुदत दिली, तीही टळली. ऑक्टोबरात कुलगुरूंना पदावरून जावे लागले. रखडलेल्यांत विधी शाखेचे विद्यार्थीही होते. त्यांचे प्रात्यक्षिक तेवढे छान झाले.

पाचवा उपाय कोणत्याच कायद्यात नाही, म्हणून सुचवतो. परीक्षेचा अर्ज उशिरा भरला की विद्यार्थ्याकडून विलंब शुल्क घेतात. आणखी उशीर झाला की आणखी घेतात. हाच तक्ता उलटा लावा : पुनर्मूल्यांकनाचा निकाल जितके दिवस लांबेल, तितक्या दिवसांचे शुल्क विद्यापीठाने अर्जदाराला द्यावे. परीक्षा विभागाला जागे करायची जबाबदारी मग लेखा विभाग आनंदाने घेईल.