खटल्यालाच कूळ लावा

महसूलमंत्र्यांना आमची एक सूचना आहे. कुळवहिवाटीचा जो दावा आजोबांनी लावला, वडिलांनी चालवला आणि आता नातू मोबाइलवर पुढची तारीख बघत चालवतो आहे, त्या दाव्यालाच त्या जमिनीचे कूळ म्हणून घोषित करावे. कलम 70(ब)खाली, रीतसर.

चेष्टा वाटेल, पण कायदा उघडून पाहा. 1948च्या कुळकायद्यातले कलम 4 म्हणते, दुसऱ्याची जमीन जो कायदेशीरपणे कसतो तो मानीव कूळ. मात्र तो मालकाच्या घरचा नसावा, पगारी गडी नसावा आणि जमिनीचा ताबा घेतलेला गहाणदार नसावा. खटला घरचा नाही (जेवताना त्याचाच विषय निघतो, ही गोष्ट वेगळी). पगार तो घेत नाही, त्याचा वकील घेतो. गहाणाचे म्हणाल तर त्याच्यापायी घरातले दागिने गहाण पडतात, तो स्वतः कोणाचा गहाणदार नाही. आणि वहिवाट अशी अखंड, की एका हंगामाचाही खाडा नाही!

तसा कायदा साधासरळ. 1 एप्रिल 1957 हा ‘कृषक दिन’. (तारखेवर हसू नये.) त्या दिवशी जमीन कसणाऱ्या कुळाने ती विकत घेतली असे मानायचे, 32ग खाली किंमत ठरवायची, साध्या कुळाला आकारणीच्या 20 ते 200 पट, आणि ती भरली की 32म चे प्रमाणपत्र हातात. लाखो कुळे अशी खरोखर मालक झाली, हे कबूल करायला हवे. पण मालकीण विधवा, मालक अज्ञान किंवा फौजेत असेल, तर 32फ ने हा मुहूर्त पुढे ढकलला. पुढे विधवा वारली, अज्ञान मूल सज्ञान होऊन आजोबा झाले, जवान पेन्शनीत निघाला. कुळाने मुदतीत नोटीस दिली होती का, यावर युक्तिवाद मात्र अजून रंगात आहे.

फाइलीची वारीही पाहण्यासारखी. दिवाणी कोर्टात कुळाचा मुद्दा निघाला, की 85अ खाली तो मामलेदाराकडे. तिथून अपिलात प्रांताकडे, मग महसूल न्यायाधिकरण, मग हायकोर्ट. हायकोर्ट म्हणते, पुरावा नीट तपासलेला नाही, फेरचौकशी करा. फाइल पुन्हा मामलेदाराकडे, आणि तोवर मामलेदार बदललेले. पुरावा तरी कसला? वहीच्या फाटक्या पानावर खंडाची पावती, ‘भात दोन खंडी पोचले’, खाली सही. सहीवर वाळवीने आधीच निकाल दिलेला. साक्षीदार ऐंशीच्या पुढचा. वकील विचारतात, बांधाच्या पूर्वेला कोणत्या सालापासून कोण नांगरत होते? म्हातारा पूर्व बरोबर दाखवतो, नांगरणाराही सांगतो, सालाशी अडखळतो. कूळ शाबीत नाही!

अलिबागजवळच्या चरीच्या शेतकऱ्यांनी नारायण नागू पाटलांच्या मागे उभे राहून 1933 पासून सुमारे सहा वर्षे संप केला. खोतांची शेते ओसाड ठेवली, स्वतः उपाशी राहिले. आता एवढे कष्ट घ्यावे लागत नाहीत. एक स्थगिती आणली, की जमीन आपोआप पडीक राहते.

या सगळ्यातून कुळांपेक्षा मालकच जास्त शिकले. पहिला धडा, कागद करायचा नाही. दुसरा, एकाच वाटेकऱ्याला दोन वर्षे ठेवायचे नाही, न जाणो इतर हक्कांत नाव लागायचे. म्हणून ठाण्या-पुण्यात राहणारा मालक दरसाल नवा माणूस शोधतो. बोली तोंडी, वाटा अर्धा, बियाणे-खत कोणाचे ते चहाच्या टपरीवर ठरते. पीक पाहणीत नाव मालकाचे, पाण्यात पाय वाटेकऱ्याचे.

ज्या कायद्याने कसणाऱ्याला जमीन दिली, त्याच्याच धाकाने आजचा कसणारा कागदावरून पुसला गेला. याला तोड काढायची तर थोड्या मुदतीचा, मालकी न हलवणारा लेखी करार दोघांनाही निर्धास्तपणे करता आला पाहिजे. नीती आयोगाने 2016 साली तसा नमुना कायदा करून राज्यांपुढे ठेवला होता. तूर्त पीएम किसानचे वर्षाला 6,000 रुपये सातबारा बघूनच मिळतात, आणि वाटेकऱ्याचे नाव त्या सातबाऱ्यावर कुठेच नाही.