तुम्हाला काय कमी आहे?

ब्रिटनने २०१८च्या जानेवारीत एकाकीपणासाठी मंत्री नेमला. म्हणजे क्रीडा खातं सांभाळणाऱ्या ट्रेसी क्राऊच यांच्याकडेच हेही काम दिलं. २०२१ मध्ये जपाननेही असा मंत्री नेमला. आपल्याकडे हे खातं निघालं तर त्याचा अर्ज मला आत्ताच डोळ्यांपुढे दिसतो. विहित नमुन्यात तीन प्रती, सोबत 'मी एकाकी आहे' असं प्रतिज्ञापत्र, आणि खाली चांगल्या ओळखीच्या दोन व्यक्तींच्या सह्या. सह्या मिळाल्या तर अर्ज बाद.

तूर्त हे खातं आपल्याकडे नातेवाईक चालवतात आणि त्यांचा शेरा ठरलेला असतो, "तुम्हाला काय कमी आहे?" प्रश्न खरं तर फार चांगला आहे. विचारणारा उत्तरासाठी थांबत नाही, एवढंच.

थांबले ते रॉबर्ट वाइस नावाचे अमेरिकन समाजशास्त्रज्ञ. १९७३ साली त्यांचं एकाकीपणावरचं पुस्तक आलं. त्यात त्यांनी या दुखण्याचे दोन प्रकार केले, भावनिक आणि सामाजिक. एकात हक्काचं माणूस नसतं, दुसऱ्यात चारचौघं नसतात. आणि एकाची उणीव दुसऱ्याने भरून निघत नाही. जोडीदाराविना मुलं वाढवणाऱ्यांच्या एका संघटनेत त्यांनी पाहिलं, तर मैत्र्या जमत होत्या, पण घरी गेल्यावरचं रितेपण जात नव्हतं. उलट नवऱ्याच्या नोकरीपायी बॉस्टनकडे राहायला आलेल्या बायकांचे संसार सुखाचे होते. मैत्रिणी मागे राहिल्या म्हणून त्या कासावीस होत्या.

पण बॉस्टन कशाला? सदाशिव पेठेतले कुणीही एक काका घ्या. काकू जाऊन दोनेक वर्षं झालेली. सकाळी टेकडी, मग हास्यक्लब, अमृततुल्यात चहा, संध्याकाळी ज्येष्ठ नागरिक संघात 'मधुमेह : समज-गैरसमज' हे व्याख्यान, पुन्हा एकदा. (हास्यक्लबची ही निंदा नव्हे. १९९५ साली डॉ. मदन कटारियांनी मुंबईच्या एका बागेत पाच जणांना घेऊन तो सुरू केला. पुढे विनोद संपले तेव्हा मंडळी विनोदाविनाच हसू लागली. इतकी व्यवहारी तोड पुण्यालाही सुचली नव्हती.) तेव्हा दिवसभर माणसांना तोटा नाही. अडचण येते रात्री नऊला, बातम्या देणारी मुलगी 'मी आपली मदत करू शकते' म्हणते तेव्हा. ही चूक सांगायची कुणाला? उद्या कट्ट्यावर सांगता येईल, पण उद्यापर्यंत टिकण्याइतकी ती मोठी नसते. असल्या कुरकुरी चाळीस वर्षं ऐकून "बरं, पानं घेतलीयेत" म्हणणारं माणूस गेलं, की त्या सगळ्या घरात साठत जातात. आणि काकांना सल्ला मिळतो, "माणसांत मिसळा." ते मिसळूनच आलेले असतात.

आता न्यू जर्सीला चला. आजी-आजोबा मुलाकडे सहा महिन्यांसाठी गेलेत. घर ऐसपैस, सून चांगली, नातू गोड. पण तिसऱ्या आठवड्यापासून आजोबा खिडकीशी. रस्त्यावर माणूस म्हणून दिसत नाही. कुत्रं दिसलं तर दोरीच्या दुसऱ्या टोकाला एखादं असतं. मुलगा म्हणतो, "बाबा, आई आहे ना बोलायला!" आईचं मत कुणी विचारत नाही. दोघांचं बोलून झालंय, भांडूनही झालंय, आणि भांडण रंगायला शेजारी लागतात. अशा आजोबांना एडिसनच्या ओक ट्री रोडवर सोडावं. भेंडीच्या भावावरून दुकानदाराशी मोडक्या गुजरातीत हुज्जत घातली की माणूस दोन दिवस टवटवीत राहतो. त्या दुकानदाराला आजोबांचं नावही ठाऊक नसतं, आणि नसलं तरी चालतं.

कच्च्या ओळखींचं हे मोल समाजशास्त्रज्ञ मार्क ग्रॅनोव्हेटर यांनीही १९७३ सालीच एका लेखात मांडलं. त्यांचा रोख नोकऱ्या कशा मिळतात याकडे होता, पण भाजीवाली, इस्त्रीवाला, वॉचमन, रोजच्या डब्यातला चौथ्या सीटवरचा गृहस्थ या सगळ्यांना ते म्हणणं लागू पडावं. हीच माणसं आपण घाईघाईने निकालात काढली. कोथिंबीर आता दहा मिनिटांत दारात येते. आणणारा मुलगा चार आकडी ओटीपी विचारतो, आपण सांगतो, संवाद संपला. नेदरलँड्समध्ये जुम्बो नावाच्या दुकानसाखळीने २०१९ साली मुद्दाम एक संथ काउंटर उघडला, ज्यांना बिल देताना गप्पा मारायच्यात त्यांच्यासाठी. आमचा वाणी हे पिढ्यान्‌पिढ्या फुकट करत आलाय, वर उधारीही देतो.

तर आजोबांचं भागतं. काकांचं अवघड आहे. त्यांना छंद जोपासायला सांगू नये, त्यांचा तबला आधीच शेजाऱ्यांना पुरेसा झालाय. रोज रात्री ठरल्या वेळी एखाद्या जुन्या दोस्ताचा फोन, विषय काहीही नसलेला, हा त्यातल्या त्यात उपाय. तोही हळूहळूच लागू पडतो. दुसरा उपाय सोबतीला कुणी आणण्याचा. तो काकांनी नुसता बोलून दाखवला, की इतके दिवस "माणसांत मिसळा" म्हणणारी मुलं फ्लॅटची कागदपत्रं कुठे आहेत ते विचारू लागतात. लगोलग रविवारी बैठक बसते. लेक, जावई, पुतणे, ठाण्याची आत्या, आणि पडद्यावर कॅलिफोर्नियाचा थोरला. काकूंच्या दिवसांनंतर इतकी माणसं त्या घरात पहिल्यांदाच आलेली असतात.