विंडोज ११ च्या पात्रता यादीस खुले पत्र

विंडोज ११ च्या पात्रता यादीस,

नमस्कार-चमत्कार राहू देत, सरळ विषयाला हात घालतो. १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चा नेहमीचा सपोर्ट संपला आणि धडधाकट यंत्रं तू एका वाक्यात निकालात काढलीस: हा पीसी किमान गरजा पूर्ण करत नाही. आठ जीबी रॅम, नवी एसएसडी, सगळी कामं सुरळीत. तरी नापास. का, तर इंटेलची चिप आठव्या नव्हे, सातव्या पिढीची!

कारण सुरक्षेचं देतेस. टीपीएम २.० हवं, सिक्युअर बूट हवं. मागणी रास्त आहे. डिस्क उघडण्याची किल्ली टीपीएमसारख्या वेगळ्या, सुरक्षित जागी राहायलाच हवी. पण सातव्या पिढीच्या कितीतरी यंत्रांत टीपीएम २.० आहेच. बायोसमध्ये पीटीटी, म्हणजे इंटेलचं अंगभूत टीपीएम, चालू केलं की झालं. तरीही तुझा नकार कायम. मग घोडं अडलंय कुठे?

ऑगस्ट २०२१ मध्ये तू सातव्या पिढीच्या मोजक्या चिप्स आत घेतल्यास. त्यातली एक कोअर आय७-७८२०एचक्यू. ती मायक्रोसॉफ्टच्याच सर्फेस स्टुडिओ २ मध्ये होती. तिचीच सख्खी बहीण ७७००एचक्यू मात्र दाराबाहेर. आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं!

पुढे मायक्रोसॉफ्टनेच रजिस्ट्रीतली एक नोंद जाहीर केली. ती केली की यादीबाहेरच्या चिपवर, नुसत्या टीपीएम १.२ वरही, विंडोज ११ चढत होतं. नंतर ती माहिती गुपचूप काढून टाकली. हो, विंडोज ११ ची २४एच२ आवृत्ती कोअर २ ड्युओच्या काळातल्या चिपवर खरोखरच सुरू होत नाही, कारण लागणारी सूचनाच त्या चिपमध्ये नाही. ही झाली यंत्राची मर्यादा. तू ओढलेली रेघ मालकाच्या मर्जीची आहे.

तिची किंमत कोण मोजतं? मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून सहाव्या पिढीचा सेकंडहँड लॅपटॉप घेऊन शिकणारा पोरगा मोजतो. चार पीसींवर झेरॉक्सचं दुकान चालवणारी बाई मोजते. विंडोज १० च्या जास्तीच्या एका वर्षाच्या सुरक्षा अपडेटसाठी ३० डॉलर द्या, नाहीतर मायक्रोसॉफ्टच्या खात्याशी सेटिंग्ज जोडा, ही वर अट. चालत्या यंत्राला भंगार ठरवणं हा अन्याय आहे, आणि तो तू केला आहेस.

वाचकहो, घाईने नवा पीसी घेऊ नका. आधी बायोसमध्ये टीपीएम बंद आहे का ते पाहा. चिपच यादीत नसेल, तर १३ ऑक्टोबर २०२६ पर्यंतची ती अपडेट घ्या, आणि ती मुदत संपण्याआधी पेनड्राइव्हवरून विंडोजऐवजी लिनक्स मिंट चालवून पाहा. डेटाचा बॅकअप घेऊन मगच ते बसवा. यंत्र चालतंय तोवर ते भंगारात घालू नका.

यादीबाहेरच्यांच्या वतीने,
एक वापरकर्ता