फिरून रायली ना बे!

मशीन ज्याचं, झाकण त्याचं. हा कायदा मानणारा एक इसम तुमच्याही गल्लीत होता, नाव वेगळं असेल. रिमोटला प्लास्टिकची पिशवी चढवणारा, नव्या सोफ्यावर चादर टाकणारा, पाहुण्यांसमोर टेपरेकॉर्डरचं बटण स्वतःच दाबणारा तो हाच. आमच्या वाट्याला आला तेव्हा त्याच्या हातात प्लेस्टेशन होतं, आणि वयाने मोठा असल्यामुळे त्याला दादा म्हणावं लागत होतं. परवा त्याने माझ्या मुलाचंही मनगट हवेतल्या हवेत धरून ठेवलं, तेव्हा ठरवलं की आता याच्यावर लिहायचंच.

मुक्काम बालाघाट. प्लेस्टेशन जपानात 1994 च्या डिसेंबरात निघालं. 2000 साली त्याचा धाकटा भाऊही बाजारात आला, आणि त्यानंतर केव्हातरी थोरला आमच्या घरी पोचला. काकांनी नागपूरहून आणलेला, जुना, करडा, आधीच कुणीतरी चिप मारून घेतलेला. चिप का मारायची, हे दादा येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायचा. अस्सल डिस्कच्या आतल्या कडेला मुद्दाम ठेवलेली एक बारीक थरथर असते. तिच्यात चार अक्षरं दडलेली असतात आणि त्यावरून मशीन डिस्कचा मुलूख ओळखतं. घरगुती रायटरला ही थरथर उतरवता येत नाही, म्हणून नक्कल डिस्क मशीन नाकारतं. चिप ती अक्षरं परस्पर सांगून टाकते. दूधवाल्यालाही हे सगळं माहीत झालं होतं.

आमच्या डिस्का नागपूरच्या. पातळ प्लास्टिकच्या पाकिटातल्या, वर मार्करने गिचमिड नाव. पण मोठ्या खेळांना एक डिस्क पुरायची नाही. ‘फायनल फँटसी सेव्हन’ला तीन, त्याच्या पुढच्याला चार. खेळ ऐन रंगात आला की पडद्यावर सूचना यायची, आता दोन नंबरची डिस्क घाला. आम्ही उठायच्या आत दादा जमिनीवर उकिडवा बसलेला असायचा.

"सरका. हात नोका लावू."

झाकण उघडलं की आतलं बारकं बटण सुटतं आणि मशीनला कळतं की आता आवरायचं. पण डिस्क लगेच थांबत नाही. डिस्कवरचा मजकूर आतल्या कडेपासून सुरू होतो आणि तिथलं वाचताना ती सगळ्यात जोरात फिरते, मिनिटाला हजार फेऱ्यांच्या घरात. अशा वेळी बोट लावलं तर ती तिरकी होते, खालची बाजू घासते, मधल्या दांडीवर ताण येतो. इथवर दादाचं अक्षर न् अक्षर बरोबर. जगात चुकीच्या माणसांचा त्रास होतो म्हणतात, पण त्यांच्याशी निदान भांडता तरी येतं.

डिस्क थांबायला दोन-तीन सेकंद लागतात. दादाला ते पुरत नसत. तो एक डोळा मिटून दुसऱ्याने मार्करची अक्षरं वाचायचा. अक्षरं वाचता येऊ लागली की आमच्यातला कुणीतरी हात पुढे करायचा, आणि तेव्हा ते वाक्य यायचं:

"फिरून रायली ना बे अजून!"

फिरत नसायची. मग तो कान लावायचा. मग मान वाकडी करून दुसऱ्या बाजूने पाहायचा. मग बोट डिस्कच्या वर वीतभर धरून ठेवायचा, वारा लागतो का ते बघायला. मागे आजी सूप घेऊन चिन्नोर तांदूळ निवडत बसलेली असायची. एक डिस्क बदलून होईपर्यंत तिचं सूप रिकामं व्हायचं आणि ती विचारायची, "निंघाली का रे बाप्पा तुयी चकती?"

निघालेली डिस्क पुसायची, तेही त्यानेच. आजोबांच्या जुन्या धोतराचा एक चौकोन त्यासाठी राखीव होता आणि तो धुवायला टाकायचा नाही अशी काकूला ताकीद होती. मधून बाहेर सरळ पुसायचं, गोल फिरवून कधीच नाही. कारण आडवा ओरखडा मशीन सावरून घेतं, पण फेऱ्याच्या दिशेने गेलेला ओरखडा सलग मजकूर खातो. हेही बरोबर. काका भरवेलीच्या मँगनीज खाणीत होते. ते घरी आले की हातपाय धुईपर्यंत त्यांना बैठकीत प्रवेश नसे. अस्सल प्लेस्टेशन डिस्कची खालची बाजू काळीभोर असते, काळ्यावर काळी धूळ दिसणार कशी, हा दादाचा सवाल. स्वतःच्या बापाला हा सवाल करणारा दुसरा मुलगा मी भरवेली ते वारासिवनीपर्यंत पाहिला नाही. काका पण मुकाट्याने नळावर जायचे.

ज्या मशीनमध्ये लेन्सची सरकपट्टी झिजते ते मशीन उलटं करून ठेवलं की चालतं, हा उपाय त्या काळी जगभर लोक करत होते. दादाला कुणीतरी तो सुचवला. दादा त्या माणसाशी पुढे बोलला नाही.

एकदा एखाद्याला ‘पूर्ण थांबू दे’ची बाधा झाली की ती डिस्कपुरती राहत नाही. चक्कीवर दळण आणायला गेला तर पट्टा थांबेपर्यंत डब्याला हात लावायचा नाही, मागे बायकांची रांग. जत्रेतल्या पाळण्यातून उतरायचा नाही, कारण पाळणा एकेकाला उतरवत थोडा-थोडा पुढे सरकतो, म्हणजे ‘पूर्ण’ कधी थांबतच नाही. पाळणेवाल्याने शेवटी त्याच्याकडून दुसरं तिकीट वसूल केलं.

आणि छोटी गाडी! तेव्हा गोंदियाहून बालाघाटला आणि पुढे नैनपूर-जबलपूरला जाणारी नॅरोगेज होती. तिची चाल अशी की लोक चालत्या गाडीतून उतरून, लघुशंका करून, परत चढायचे. दादा मात्र स्टेशन आलं तरी बाकावर बसून. गाडी थांबली. लोक उतरले. दादा खिडकीबाहेर चाकाकडे बघतोय. लोक चढले. आता पिशव्या, कोंबड्या, सायकलीचं हँडल यांच्यातून वाट काढायला तो उठला, तोवर शिट्टी झाली. आणि गाडी चालू झाल्यावर तर उतरण्याचा प्रश्नच नव्हता. आम्ही फलाटावरून ओरडतोय, तो दारात उभा राहून आम्हाला शांतपणे सांगतोय, "चालून रायली ना बे!" संध्याकाळी समनापूरहून कुणाच्या तरी सायकलवर बसून परत आला. सायकल दारात थांबल्यावर किती वेळाने उतरला ते आजी सांगायची, पण आजीला तिखटमीठ लावायची सवय होती.

त्या काळात आमच्याकडे वीज जायची, आणि गेली की मुक्काम करून यायची. 2003 सालची मध्य प्रदेशची निवडणूक बिजली-सडक-पानी यांवरच झाली आणि दिग्विजय सिंहांचं सरकार गेलं. कालीपुतली चौकात त्यावर तावातावाने बोलणारे पुष्कळ होते. आमच्या गल्लीत विजेच्या खात्याबद्दल एकच माणूस चांगलं बोलायचा. वीज गेली की डिस्क आपोआप थांबते, पूर्ण थांबते, आणि अंधारात कुणी हातही लावत नाही.

‘मेटल गिअर सॉलिड’ची गोष्ट सांगायलाच हवी. त्यात एक पात्र सांगतं की अमक्या मुलीशी वायरलेसवर बोलायचं असेल तर तिचा नंबर सीडीच्या डबीच्या मागे आहे. हा त्या खेळाचा खट्याळपणा होता, अस्सल डबीवर मागे खरंच तो आकडा छापलेला होता. आमच्याकडे डबी कुठली? दादाने प्लास्टिकचं पाकीट उलटं केलं. मग सुलटं केलं. उन्हात धरलं. मग खेळातल्या खेळात मिळालेली एक डिस्क असते, तिच्या मागे काही आहे का ते शोधण्यात दुपार गेली. शेवटी एकेक आकडा लावून बघायचं ठरलं. नंबर होता 140.15, म्हणजे सुरुवातीलाच. दादाने दुसऱ्या टोकापासून सुरुवात केली. प्रत्येक आकड्यानंतर थांबायचा, कुणी उचलतं का म्हणून. ती मुलगी बोलली तेव्हा दिवेलागण झाली होती आणि आम्ही सगळे जेवायला बसलो होतो. तिने काय सांगितलं ते दादाने आम्हाला आजतागायत सांगितलेलं नाही. "तुमी कुठी होते तवा?"

मेमरी कार्डाचं वाटपही त्याच्याकडेच. एका कार्डात पंधरा खाने. आठ दादाचे, दोन ताईचे, तीन वारासिवनीच्या आतेभावांचे, एक पाहुण्यांसाठी राखीव. वयाने सगळ्यात लहान म्हणून मला एक. नवा खेळ सुरू करायचा तर जुना पुसावा लागायचा. पाहुण्यांचा खाना कायम रिकामा असायचा. मी मागितला तर म्हणे, "अन् कोनी आलं तं?"

आता जे सांगणार आहे ते सांगायची मला फारशी इच्छा नाही, कारण त्याने दादाची बाजू वरचढ होते.

एका उन्हाळ्यात वारासिवनीच्या आतेभावांकडे त्यांच्या काकाने परदेशातून आणलेलं मशीन आलं. चिप नसलेलं, सोबत एकच अस्सल डिस्क. नक्कल डिस्क चालवायची तर एक युक्ती होती आणि ती दादाच्या धर्माच्या थेट विरुद्ध होती. झाकणाखालचं बटण काहीतरी खुपसून दाबून ठेवायचं, म्हणजे मशीनला झाकण बंदच वाटतं. अस्सल डिस्क लावायची, मशीनने तिची थरथर तपासून घेतली आणि वेग उतरला की त्या क्षणी, ती फिरत असतानाच, उचलायची आणि नक्कल खाली दाबायची. थांबू द्यायचं नाही. थांबली की खेळ संपला.

दादाने हे ऐकलं आणि उठून अंगणात गेला. आतेभावांनी बटणात बसच्या तिकिटाची घडी खुपसली आणि सुरू केलं. एकदा डिस्क निसटून कपाटाखाली गेली. एकदा मशीन असं किरकिरलं की बाहेर अंगणात दादाने कानांवर हात ठेवले. त्यांच्यातल्या सगळ्यात धाकट्याला तेव्हा कावीळ झाली होती. ऊन नको, तेल नको, खेळायला जायचं नाही, दिवसभर खाटेवर. त्याला फुटबॉलचा खेळ हवा होता आणि ती डिस्क नक्कल होती. तो रडत नव्हता, त्याने नुसतं भिंतीकडे तोंड केलं.

दादा आत आला. मोरीत हात धुतले, बनियनला पुसले, परत धुतले. उकिडवा बसला. तिकिटाची घडी काढून दुसरी, घट्ट केली. अस्सल डिस्क लावली आणि कान लावला. यावेळी तो थांबण्याची वाट बघत नव्हता, वेग उतरण्याची बघत होता, आणि त्या कानाला हा फरक कळत होता. इतकी वर्षं आम्ही ज्याला सोंग म्हणत होतो तो सराव निघाला. दोन बोटांनी कडा धरून त्याने ती फिरती डिस्क अशी उचलली की घासल्याचा आवाजसुद्धा आला नाही, आणि दुसऱ्या हाताने दुसरी बसवली. पडद्यावर मैदान आलं. धाकट्याने कूस बदलली.

ते उन्हाळाभर चाललं, कारण दर वेळी मशीन चालू करताना ही कसरत करावीच लागायची आणि दुसऱ्या कुणाला ती जमत नव्हती. नंतर दादा अस्सल डिस्क धोतराच्या तुकड्याने पुसत बसायचा, मधून बाहेर, नेहमीपेक्षा जास्त वेळ. आम्हाला बजावून ठेवलं होतं, बालाघाटात कोनाले सांगाचं नाही.

पुढचा इतिहास हा दादाच्या बेकारीचा इतिहास आहे. प्लेस्टेशन टू आलं, त्याला झाकण नव्हतं, ट्रे होता. बटण दाबलं की मशीन आधी डिस्क थांबवतं आणि मगच ट्रे बाहेर सरकवतं. दादाने दुकानात ते दोन-चारदा करून पाहिलं आणि विचारलं, "मंग मी कायले?" 2004 साली त्याच मशीनचं बारीक रूप निघालं, परत वरच्या झाकणाचं. ते त्याने घेतलं. 2009 मध्ये हैदराबादच्या कंपनीने केलेला हनुमानाचा खेळ आला, तो अस्सल डबीसह घेतला. अमेरिकेतले हिंदू कार्यकर्ते राजन झेद यांनी त्यावर आक्षेप घेतला होता, देवाला रिमोटने पळवणं योग्य नाही म्हणून. दादाने दोन्ही बाजू ऐकून घेतल्या. खेळायला हरकत नाही, पण थांबल्याशिवाय काढायची नाही, असा निकाल दिला. सुरुवातीचं प्लेस्टेशन थ्री तर डिस्क तोंडाने ओढूनच घेतं. तो म्हणाला, हातातून हिसकून रायलं, हे काही बरोबर नाही.

आता तर 2020 पासून डिस्कची खाच नसलेलं प्लेस्टेशनही मिळतं. खेळ विकत घ्यायचा म्हणजे उतरवून घ्यायचा. मित्राला देता येत नाही, जुना म्हणून विकता येत नाही, आणि दुकानदाराने उद्या दुकान आवरलं तर काय, याचं उत्तर अटींच्या पानावर बारीक अक्षरात असतं. यात डिस्कला ओरखडा पडायची भीती उरली नाही, हे खरं. वाटून घेण्याची कटकटही उरली नाही. माझ्या मुलाला वाटतं, दादाकाका उगाच चिडतात. मला वाटतं, दादा आयुष्यात पहिल्यांदा पुरेसं चिडलेला नाही. छोटी गाडी बंद झाली तेव्हा तिच्या शेवटच्या फेरीला लोक फोटो काढायला गेले होते. झाकणाची शेवटची फेरी कधी झाली, कुणी पाहिली?

मुलाच्या मोबाइलवर खेळ उतरत असताना मध्येच गोल चक्र येतं. दादा चष्मा कपाळावर घेऊन त्या चक्राकडे बघत बसतो. मुलगा बोट लावायला गेला, की मनगट धरलंच. हे चक्र डिस्कसारखं थांबत नाही, हे त्याला कुणी सांगायचं? वहिनी स्वयंपाकघरातून म्हणाली, "बसू द्या. तेवढंच घर शांत."

काल त्याचा व्हॉट्सअ‍ॅपवर फोटो आला. जुनं मशीन, जुना टीव्ही, पडद्यावर मेमरी कार्डाचे पंधरा खाने. पाहुण्यांचा अजून रिकामा. त्याच्या शेजारी माझा, माझ्या अर्धवट खेळासकट, जसा होता तसा. खाली दादाने लिहिलं होतं: "जागा अडवून बसला आहेस. भाडं पाठव, नाहीतर येऊन खेळ पूर्ण कर. येताना पोराला आण. त्याला पाहुण्यांचा खाना देतो. झाकण मी उघडीन."