पाहुणा संघ

लेकीकडे अमेरिकेला जायचं म्हणजे सहा महिने. व्हिसा दहा वर्षांचा असला तरी विमानतळावरचा साहेब मुक्काम सहा महिन्यांचा मंजूर करतो, आणि एवढं तिकीट काढल्यावर त्यातला एक दिवसही सोडायला आपलं मन धजत नाही. म्हणून २०१९ च्या मे महिन्यात, पहिल्याच आठवड्यात, आम्ही दोघं सांगलीहून व्हर्जिनियात जाऊन पडलो. तिसऱ्या दिवशी माझ्या ध्यानात आलं, की आपल्याला इथे काडीचं काम नाही.

लेक-जावई कामावर, नातू शाळेत. मला तिथली गाडी चालवता येत नाही आणि फुटपाथ कॉलनीच्या तोंडाशीच संपतो. पेपर नाही, कट्टा नाही, दोन रुपयांवरून वाद घालावा असा भाजीवाला नाही. हिचं बरं होतं. हिने दोन दिवसांत लेकीच्या स्वयंपाकघरातले सगळे डबे आपल्या पद्धतीने लावून टाकले, लेकीला स्वतःच्या घरात हळद सापडेनाशी झाली, आणि ही रुळली. माझा प्रश्न अवघड होता. जावयाच्या घरात सासऱ्याने नेमकं कुठे बसायचं? पहिले आठ दिवस मी त्या भल्यामोठ्या सोफ्याच्या काठावर, एसटीत तिसऱ्याला जागा देऊन बसल्यासारखा बसत होतो.

संध्याकाळी सात वाजून पाच मिनिटांनी जावई टीव्ही लावायचे. वॉशिंग्टन नॅशनल्स. बेसबॉल. रोज! मी आधी समजलो, एखादी स्पर्धा चालू असेल. "नाही बाबा, मोसम आहे. एकशे बासष्ट सामने," ते म्हणाले. मला वाटलं, माझं इंग्रजी कमी पडतंय, पण ते मराठीत बोलत होते. एप्रिल ते सप्टेंबर, एकशे बासष्ट. आपल्या मालिकांना निदान रविवारची सुट्टी असते.

आता इथे एक खुलासा. मी सांगलीत बावीस वर्षं क्लबच्या सामन्यांना स्कोअरर होतो. फलंदाजीत मला फारशी गती नव्हती, गोलंदाजी मागितली की कप्तान दुसरीकडे बघायचा, पण वही माझी. तेव्हा दोनशे पानी वही मागवली आणि पट्टीने रेघा मारल्या. जावयांनी शिकवलं. मैदानावरच्या नऊ जणांना नऊ नंबर : पिचर एक, कॅचर दोन, असं करत राइट फील्डर नऊ. शॉर्टस्टॉपने चेंडू उचलून सेकंड बेसला दिला आणि तिथून फर्स्टला गेला, की लिहायचं सहा-चार-तीन. दोन माणसं एका झटक्यात बाद. तीन स्ट्राइकवर बाद झाला तर इंग्रजी के. आणि बॅट न हलवता नुसता उभा राहून बाद झाला, तर तोच के उलटा. ही उलट्या के ची सोय मला फार आवडली. आमच्या क्लबात ती असती तर माझ्या नावापुढे एकही सुलटा के लागला नसता.

दुसरी गोष्ट मनाला भिडली ती अशी, की यात पाहुणा संघ नेहमी आधी बॅटिंग करतो. टॉस वगैरे काही नाही. पाहुण्यांची पंगत आधी, घरची माणसं मागून. मी सोफ्यावर जरा आत सरकून बसलो.

सगळं जमलं होतं, फक्त संघ हरत होता. घरचा लाडका ब्राइस हार्पर तेरा वर्षांच्या करारावर, ३३० मिलियन डॉलरला, शेजारच्या फिलाडेल्फियात नांदायला गेला होता. आम्ही पोचलो त्याच सुमारास पिचिंग कोचला घरी पाठवलं. बुलपेन म्हणून एक प्रकार असतो. मुख्य पिचर दमला की तिथून ताज्या दमाचे पिचर सोडतात. नॅशनल्सच्या या गोठ्यातून जो सुटेल तो थेट समोरच्यांच्या शेतात शिरायचा. सहा इनिंग मरमर करून कमावलेलं हे दोन इनिंगांत वाटून टाकायचे. २३ मे ला न्यूयॉर्कात लागोपाठ चौथा सामना हरून आकडा झाला १९ विजय, ३१ पराभव. मॅनेजर डेव्ही मार्टिनेझला काढा, अशी हाकाटी सुरू झाली. मी गप्प होतो. क्लबचा हिशोब तीस रुपयांनी चुकला म्हणून सेक्रेटरी बदललेला मी पाहिलाय. नवा आल्यावर हिशोब साठ रुपयांनी चुकला.

शिवाय हा संघ मला जवळचा वाटू लागला होता, कारण तो म्हातारा होता. सगळ्या लीगमध्ये सरासरी वयाने सर्वात मोठा. त्यातले वयस्कर खेळाडू स्वतःला 'लॉस व्हिएहोस' म्हणवून घेत, म्हणजे थेरडे. जूनमध्ये त्यांनी फर्नांडो रॉडनी नावाचा ४२ वर्षांचा पिचर आणला. रायन झिमरमन तर संघ माँट्रियलहून इथे आला त्या २००५ सालापासूनचा, आमच्या शाखेतल्या जुन्या हेडक्लार्कसारखा.

जूनमध्ये चाक फिरलं. मुख्य पिचर मॅक्स शर्झर. याचा एक डोळा निळा आणि एक तपकिरी. १८ जूनला सराव करताना चेंडू नाकावर बसून नाक मोडलं, डोळ्याखाली जांभळं झालं, म्हणजे तिसराही रंग आला. दुसऱ्या दिवशी हा गडी त्याच तोंडाने मैदानात! सात इनिंग, दहा जण स्ट्राइकवर बाद, एकही धाव नाही. "हळद लावली असती तर एवढं सुजलं नसतं," ही म्हणाली. सांगलीच्या माणसाला जगातल्या बहुतेक संकटांवर हाच उपाय सुचतो.

त्याच दिवशी दुसरं एक घडलं. हेरार्डो पारा नावाचा बदली खेळाडू. बावीस वेळा बॅट घेऊन गेला आणि एकही हिट नाही. या खेळात प्रत्येक बॅटर आपल्या आवडीचं गाणं लावून मैदानात उतरतो. पाराने आपल्या दोन वर्षांच्या मुलीचं लाडकं गाणं लावलं : 'बेबी शार्क'. आणि हिट लागली. मग काय, गाणं कायम. जुलैतल्या एका संध्याकाळी जावई आम्हाला मेट्रोने नेव्ही यार्डच्या स्टेडियमवर घेऊन गेले, तेव्हा पारा उतरताच हजारो माणसं दोन्ही हातांचा माशाचा जबडा करून चावायला लागली. नातवाने माझेही हात धरून उघडझाप करवली. ही माझ्याकडे बघत राहिली. "आपल्या वरातीत टाळीसुद्धा वाजवली नव्हती तुम्ही."

त्या स्टेडियममध्ये लोक खारे शेंगदाणे टरफलांसकट घेतात आणि टरफलं सरळ पायाशी टाकतात. टिळकांच्या महाराष्ट्रातून गेलेली आम्ही माणसं; आम्हाला ते बघवेना. ही निघताना आमची टरफलं दशमीच्या रिकाम्या पिशवीत भरून घेऊन आली, शेजारच्या गोऱ्याने सांडलेली मात्र उचलली नाहीत. तिथेच चौथ्या इनिंगला चार राष्ट्राध्यक्षांची शर्यत होते, मोठमोठ्या डोक्यांचे बाहुले घालून. त्यातला टेडी रूझवेल्ट २००६ पासून पाचशेहून जास्त शर्यती हरला आणि २०१२ च्या ऑक्टोबरात पहिल्यांदा जिंकला. असल्या गावात १९-३१ ने कोण खचतं?

१० जुलैला पहाटे उठून आम्ही मँचेस्टरचा उपांत्य सामना लावला. धोनी रनआउट झाला, भारत १८ धावांनी गेला, आणि जावई ऑफिसला न जेवता गेले. बेसबॉललाही त्या आठवड्यात मधली सुट्टी होती. घरात इतकी शांतता, की मी नातवाला पाढे विचारले. सुट्टी संपली तेव्हा मी पूर्णपणे वॉशिंग्टनचा झालो होतो. दुसरा संघच उरला नव्हता.

आणि मग वहीत मला एक भलतंच दिसलं.

२ सप्टेंबरला गणपती बसले. लेकीकडे दीड दिवसाचा. ३ तारखेला संध्याकाळी मागच्या अंगणात बादलीत विसर्जन झालं, आरती, खिरापत, भांडी, आणि टीव्ही बघतो तो शेवटच्या इनिंगला न्यूयॉर्क मेट्स १०, आम्ही ४. जावयांनी टीव्ही बंद केला. मी वहीत दहा-चार लिहून, खाली रेघ मारून झोपलो. सकाळी नातू म्हणाला, "आजोबा, ११-१०. आपण!" शेवटच्या अर्ध्या इनिंगमध्ये सात धावा, आणि कर्ट सुझुकीचा होमरन. बावीस वर्षांत मी पहिल्यांदा शाईने लिहिलेलं खोडलं. खोडताना मागची पानं चाळली. जिथे जिथे माझी नोंद अर्धी सुटलेली, तिथे तिथे संघ फार बरा खेळलेला. मी समासात बारीक अक्षरात दोन रकाने आखले : 'मी होतो', 'मी नव्हतो'. घरात कुणाला दाखवले नाहीत. दाखवले असते, तर रोज सात वाजून पाच मिनिटांनी मी कुठे असतो, हे मला ठाऊक आहे. बेसमेंटमध्ये.

संघ ९३ विजयांवर संपला. १ ऑक्टोबरला मिलवॉकीविरुद्ध एकच सामना, हरला तो घरी. आठव्या इनिंगला ३-१ ने मागे. मी ब्लडप्रेशरची गोळी घ्यायला वर गेलो आणि खाली एकच आरडाओरडा. हुआन सोटो, वीस वर्षांचा पोरगा, कायद्याने बिअर प्यायचंही वय नाही. त्याने मारलेला चेंडू राइट फील्डरच्या हातमोज्याखालून निसटला, तीन धावा. ४-३. मी गोळी हातात घेऊन जिन्यात उभा. ९ तारखेला, दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी, १०६ सामने जिंकलेल्या लॉस एंजेलिस डॉजर्सशी निर्णायक सामना. ३-१ ने मागे असताना मला डुलकी लागली. त्यात आमच्या रेंडन आणि सोटोने क्लेटन कर्शॉसारख्याला लागोपाठच्या दोन चेंडूंवर होमरन मारले, मध्यरात्र उलटल्यावर हाउई केंड्रिकने एका फटक्यात चार धावा काढल्या. माझ्या रकान्यात ठळक अक्षरात : नव्हतो (झोप).

सेंट लुईस कार्डिनल्सविरुद्धचे चारही सामने मात्र मी डोळ्यांत तेल घालून पाहिले आणि चारही आम्ही जिंकलो. शास्त्रात अपवाद असतात. तेव्हा मार्टिनेझ म्हणाला, की खडबडीत रस्ते अनेकदा सुंदर ठिकाणी नेतात. या माणसाला एकदा आमच्या भागात आणून पावसाळ्यानंतर जीपमधून फिरवायला हवं.

वर्ल्ड सिरीज, म्हणजे अंतिम मालिका. १९३३ नंतर वॉशिंग्टनात पहिल्यांदा. १९२४ नंतर त्या शहराने ती जिंकलीच नव्हती, आणि मधली चौतीस वर्षं, १९७१ पासून २००५ पर्यंत, तिथे संघच नव्हता. समोर ह्यूस्टन अ‍ॅस्ट्रोज, १०७ विजयवाले. पहिले दोन सामने ह्यूस्टनला. तेव्हा फराळाची गडबड. मी सोऱ्या फिरवायच्या कामावर होतो, त्यामुळे नव्हतो. दोन्ही जिंकले, दुसरा तर १२-३. मग मंडळी वॉशिंग्टनला आली. धनत्रयोदशी, मी होतो, हरलो ४-१. दुसऱ्या दिवशी, होतो, ८-१. लक्ष्मीपूजनाच्या दिवशी शर्झरच्या मानेला अशी उसण भरली, की त्याला बिछान्यातून उठता येईना, बायकोने कपडे घातले. ही म्हणाली, "बघा, एवढा पैलवान, पण शेवटी बायकोच." त्या रात्री ७-१. खुद्द राष्ट्राध्यक्ष ट्रम्प स्टेडियममध्ये आले होते आणि लोकांनी त्यांची हुर्यो केली, म्हणजे संशय घ्यायला दुसरंही नाव होतं. पण वही माझी होती, आणि वहीत तीन रात्री स्वच्छ लिहिलं होतं : होतो, होतो, होतो.

भाऊबिजेच्या रात्री, सहाव्या सामन्याला, मी आपणहून म्हणालो, "बॅगांची वजनं करून ठेवतो." दुसऱ्या दिवशी रात्रीचं आमचं विमान. तिकीट चार महिन्यांपूर्वी काढलेलं, 'दिवाळी झाली की निघायचं' म्हणून. बेसमेंटमध्ये बसून मी तेवीस किलोची बॅग तीनदा सोडली, तीनदा भरली. वर आधी शिव्या ऐकू आल्या. मार्टिनेझ अंपायरवर इतका धावून गेला, की त्याला बाहेर काढलं. मग टाळ्या. ७-२. जावई खाली आले आणि म्हणाले, "बाबा, तुम्ही पाहायला हवं होतं." मी बॅगेची चेन लावत राहिलो.

३० तारखेला सातवा सामना ह्यूस्टनला, आणि आम्ही डलेस विमानतळावर. मान दुखत असलेला शर्झर पिचिंग करतोय, हे मी गेटवरच्या टीव्हीवर खांबाआडून पाहिलं. दहाच्या सुमारास विमानाचं दार लागलं, तेव्हा आम्ही २-० ने मागे. हवाईसुंदरीने फोन बंद करायला लावला. वही मांडीवर, पान अर्धं. मी खिडकीबाहेर बघितलं. आता मी नव्हतोच. इतका नव्हतो, की पायाखाली अमेरिकासुद्धा नव्हती.

मधल्या मुक्कामाच्या विमानतळावर फोन सुरू केला तेव्हा तो हातात थरथरायला लागला. जावयांचे एकेचाळीस मेसेज. सातव्या इनिंगला रेंडनचा होमरन. मग केंड्रिक, वय ३६, त्याचा चेंडू उजव्या फाउल पोलवर जाऊन आदळला. ६-२. शेवटी नातवाचा आवाज, "आजोबा, आपण जिंकलो, तुम्ही कुठाय?"

मी प्लॅस्टिकच्या खुर्चीवर बसून पान पूर्ण केलं. मग मालिकेचा गोषवारा मांडला आणि चष्मा पुसून पुन्हा बघितला. सातही सामने पाहुण्यांनी जिंकले होते. ह्यूस्टनला चार वॉशिंग्टनने, वॉशिंग्टनला तीन ह्यूस्टनने. असं पूर्वी कधी झालेलं नव्हतं. म्हणजे माझ्या असण्या-नसण्याचा काही संबंधच नव्हता. दोन महिने पोटात ठेवलेला तो समास मी हिला दाखवला. तिने वाचला, घडी घालून पर्समध्ये ठेवावा तसा चेहरा केला आणि म्हणाली, "म्हणजे घरच्या मैदानावर एकालाही जिंकता आलं नाही?"

"एकालाही नाही."

"आणि आपण आता घरी चाललोय."

मुंबईला उतरलो तेव्हा पहाट झालेली. सांगलीपर्यंतच्या गाडीचा भाव ड्रायव्हरने ऐकवला, मी तेरा हजार किलोमीटरवरून आलोय हे त्याला बॅगांवरून कळलंच होतं. मी भाव करायला सुरुवात केली. सहा महिन्यांत हात गेला होता. तो बॉनेटला टेकून, बॅट न हलवता, नुसता उभा राहिला. चार मिनिटांनी मी बॅगा डिकीत ठेवल्या, मागच्या सीटवर बसलो, वही उघडली, आणि स्वतःच्या नावापुढे एक उलटा के काढला.