पासवर्डच्या फाईलवाल्या साहेबांस

डेस्कटॉपवर ‘पासवर्ड्स’ नावाची नोटपॅडची फाईल बाळगणारे समस्त साहेब, मुक्काम दिल्ली-नोएडा-गुरुग्राम, यांस,

आपल्या टापटिपीचं कौतुक करावं तेवढं थोडं. ईमेल, बँक, सर्व्हर, सगळं ओळीनं लिहिलेलं. चोराला वाढून ठेवलेलं ताटच. रेडलाइनसारखे चोरटे प्रोग्रॅम संगणकात शिरले की डेस्कटॉपवरच्या असल्याच फायली वेचतात. ‘संगणकाला पासवर्ड आहे की,’ म्हणाल. पण लॉगिन करताना ते कुलूप आपणच उघडता. त्यानंतर आपल्या नावानं चालणारा कुठलाही प्रोग्रॅम ती फाईल वाचू शकतो. नाव बदलून ‘भाजीची यादी’ केलंत, तरी आतला मजकूर शोधता येतोच. २०१४ साली सोनी पिक्चर्सच्या फायली फुटल्या, तेव्हा त्यांत चक्क ‘पासवर्ड’ नावाचा फोल्डर निघाला. उघड्या मजकुरात पासवर्ड साठवल्याबद्दल फेसबुकच्या कंपनीला २०२४ मध्ये आयर्लंडच्या नियामकानं ९.१ कोटी युरोंचा दंड ठोकला. दिल्लीच्या एम्स रुग्णालयाचे सर्व्हर २३ नोव्हेंबर २०२२ ला सायबर हल्ल्यानं बंद पडले आणि ओपीडीची कामं हातानं करावी लागली. त्यामागे अशी फाईल होती, असं म्हणायला आधार नाही. पण परक्याच्या हाती सर्व्हर गेले की रांगेतल्या आजाऱ्याचे हाल होतात, साहेबाचे नव्हे. याची लाज वाटायला हवी!

तरी आपल्यावरचा राग टिकत नाही, कारण ही फाईल आपण हौसेनं केलेली नाही. केंद्र सरकारच्या २०२२ च्या सूचनांनी सरकारी कर्मचाऱ्याला बजावलं: पासवर्ड अवघड ठेवा, प्रत्येक ठिकाणी वेगळा ठेवा, ४५ दिवसांत बदला, ब्राउझरमध्ये ठेवू नका, कागदावर लिहून टेबलावर चिकटवू नका. दहा खाती धरली तर वर्षाला ऐंशी पासवर्ड झाले. ते ठेवायचे कुठे, डोक्यात? ठरावीक मुदतीनं उगाच बदलायला लावू नका, असं अमेरिकेच्या निस्ट या मानकं ठरवणाऱ्या सरकारी संस्थेनं २०१७ सालीच सांगितलं होतं. नियम करणाऱ्यांनी कीपाससारखं पासवर्ड कुलपात ठेवणारं फुकटचं साधन प्रत्येक टेबलावर आधी द्यावं, मग दटावावं. ‘सगळे पासवर्ड एकाच जागी ठेवणं धोक्याचं,’ हा आक्षेप रास्त आहे; पण साहेब, ते आजही एकाच जागी आहेत, फक्त उघडे. कीपासमध्ये निदान एका भक्कम पासवर्डाआड राहतील.

तेव्हा कीपास मागून घ्या, फाईल पुसा, रिसायकल बिनही रिकामा करा. आणि फाईलीतले सगळे पासवर्ड बदला; कारण नवा सहकारी रुजू झाला, तेव्हा ती फाईल व्हॉट्सअॅपवर त्याला आपणच पाठवली असणार.

आपला,
एक वैतागलेला नागरिक